आकडा आधी भिंतीवर

झिप फाइलमध्ये दोनशे चौदा गोष्टी होत्या. दोनशे तेरा नकाशे आणि एक गावांची यादी. नकाशांना नावं नव्हती, नुसते क्रमांक होते, एक ते दोनशे तेरा, मधला एकही गाळलेला नाही. प्रत्येक नकाशा दोन ते चार एमबीचा. यादी तेवढी सहाशे अकरा केबीची. मोजल्याशिवाय विनया कुठल्याच गोष्टीला हात लावत नसे, म्हणून तिने हे आधी मोजून घेतलं. सहाशे अकरा तिला जरा जास्त वाटले. दोनशे तेरा गावांची नावं लिहायला वीस केबी पुष्कळ झाले असते. मग तिनेच स्वतःची समजूत घातली, की कुणीतरी वर कचेरीचा शिक्का स्कॅन करून लावला असेल.

नोव्हेंबरातला शनिवार होता, दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं झाली होती. यादी उघडल्याशिवाय आपल्या आळीचा नकाशा कितव्या क्रमांकाचा हे कळणार नव्हतं. तिने यादीवर दोनदा टिचकी मारली. काहीच उघडलं नाही. तिने पुन्हा मारली.

वसईच्या पश्चिमेला, बागायतीच्या पट्ट्यात चाफेआळी म्हणून एक वस्ती आहे. नऊ घरं, नऊ विहिरी, घरांच्या मागे केळी, सोनचाफा आणि पानवेली. पाच घरं हिंदू, चार ख्रिस्ती. विनयाचे थोरले काका दयाराम हे शाळेच्या प्रयोगशाळेत सहाय्यक होते. निवृत्त झाल्यावर हात रिकामे राहीनात, तेव्हा त्यांनी नऊही विहिरींचं पाणी मोजायला घेतलं. एका लिटरात किती मिलिग्रॅम क्षार, एवढा एकच आकडा. दिवस ठरलेले, अमावास्या आणि पौर्णिमा, कारण त्या दोन दिवशी खाडीला उधाण असतं आणि खारं पाणी जमिनीखालून किती पुढे सरकलं ते तेव्हाच कळतं. दोन हजार सातच्या लक्ष्मीपूजनाला त्यांनी पहिला आकडा घेतला. यंदाच्या दिवाळीला अठरा वर्षं पुरी झाली. चारशे पंचेचाळीस दिवस, नऊ विहिरी. त्यांतले एकशे एकोणसाठ आकडे हुकले होते, काही चिकुनगुन्यामुळे, बरेचसे टाळेबंदीत. उरले तीन हजार आठशे सेहेचाळीस.

हे सगळे आकडे विनयाच्या लॅपटॉपवर होते. आणि आता त्यांची गरज पडली होती. आळीच्या उत्तरेला एका टँकरवाल्याने दोन खोल बोअरवेल मारायची परवानगी मागितली होती. आळीने हरकत घेतली होती. तहसील कचेरीत आठ डिसेंबरला सुनावणी होती. गोड पाणी उपसलं की खारं पाणी आत शिरतं, हे आळीतल्या पोरासोरांनाही ठाऊक होतं, पण कचेरीला ते आकड्यांत दाखवायचं होतं. सोबत विहिरींच्या जागा दाखवणारा जुना नकाशा जोडावा, असं विनयाच्या मनात आलं होतं. नेमका त्याच आठवड्यात आळीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर मितेशने ती लिंक टाकली, ‘वसई तालुका, सर्व गावांचे जुने नकाशे’. मितेशचं माणिकपूरला झेरॉक्सचं आणि ऑनलाइन अर्ज भरायचं दुकान होतं. आळीतल्या प्रत्येकाचं आधार कार्ड त्याच्या हाताखालून गेलेलं. लिंकखाली लिहिलं होतं, ‘पासवर्ड १२३४. अँटिव्हायरस बंद करून उघडावे, नाहीतर नकाशे दिसत नाहीत.’

विनयाने अँटिव्हायरस बंद केला होता.

तीन वाजून सतरा मिनिटांनी लॅपटॉपचा पंखा जोरात फिरू लागला. तिने विहिरींचं फोल्डर उघडलं. नऊ फाइलींपैकी सहांची नावं बदलली होती, शेवटी एक ओळखीचं नसलेलं शेपूट लागलं होतं. ती बघत असतानाच सातवं नाव बदललं. तिने बटण दाबून धरलं, चार्जर उपटला. मग तिचं लक्ष लॅपटॉपच्या डाव्या बाजूला गेलं. तिथे बॅकअपची हार्ड डिस्क जोडलेली होती. दर शनिवारी दुपारी ती बॅकअप घ्यायची. डिस्कवरचा निळा दिवा अजून लुकलुकत होता, मग विझला.

पुन्हा चालू केल्यावर पडद्यावर एक इंग्रजी चिठ्ठी आली. तुमच्या फाइलींना कुलूप लावलं आहे, पैसे पाठवा, किल्ली देऊ. लॅपटॉपवर नऊच्या नऊ गेल्या होत्या, हार्ड डिस्कवरही नऊच्या नऊ.

वह्या नव्हत्या. अकरा वह्यांना गेल्या वर्षी पंपाच्या खोलीत वाळवी लागली होती, म्हणून तर विनयाने तीन महिने बसून सगळं टाइप केलं, दोनदा ताडून पाहिलं. त्यानंतर वाळवी घरात शिरायला नको म्हणून मालनकाकूंनी त्या वह्या अंघोळीच्या पाण्याच्या बंबात घातल्या. इंटरनेटवर एक प्रत ठेवू या, असं विनया तेव्हा म्हणाली होती. दयारामकाकांनी मान हलवली होती. “सुनावणीच्या दिवसापर्यंत आळीचं पाणी आळीत राहू दे. कुठल्या परक्याच्या कपाटात कशाला?”

ती काकांच्या ओटीवर गेली तेव्हा काका पेनाएवढा मीटर फडक्याने पुसत होते आणि मालनकाकू सोनचाफ्याच्या कळ्या निवडत बसल्या होत्या. विनयाने घडलं ते क्रमाने सांगितलं, वेळांसकट.

“म्हणजे किती उरले?” काकांनी शेवटी विचारलं.

“शून्य.”

काकांनी मीटर डबीत ठेवला, डबीचं झाकण लावलं. “बरं,” ते म्हणाले आणि उठून वाडीत गेले.

काकू मात्र गप्प राहणाऱ्यांतल्या नव्हत्या. “कुणी पाठवलं म्हणालीस? मितेशने? त्याला काय कळतंय. दादरच्या बाजारात माझा चाफ्याचा पुडा कोणी असाच उचलत नाही हो. तळापर्यंत हात घालतात, खालचा थर वर काढून हुंगतात, मग भाव. वीस वर्षं ओळखीचा माल, तरी हुंगतात. आणि तुम्ही शिकलेली माणसं बांधलेला पुडा घरात नेऊन सोडता.”

“मी मोजलं होतं, काकू.”

“मोजलंस. हुंगलं नाहीस.”

सोमवारी विनया लॅपटॉप घेऊन कामावर गेली. गोखिवऱ्याला रंगाच्या एका छोट्या कारखान्यात ती रंगाची प्रत तपासायची. तिथले संगणक सुमेध सांभाळायचा. त्याने जेवणाच्या सुट्टीत डबा बाजूला सरकवून लॅपटॉप पुढ्यात घेतला, आणि अर्ध्या तासाने पडदा तिच्याकडे वळवला.

“ही तुझी यादी. हिचं पूर्ण नाव बघ.”

प्रत्येक फाइलच्या नावाच्या शेवटी ती कुठल्या प्रकारची आहे हे सांगणारी अक्षरं असतात. ती अक्षरं संगणक आपणहून लपवून ठेवतो, नाव नीटनेटकं दिसावं म्हणून. सुमेधने ती दिसती केली होती. यादीच्या नावामागे जी अक्षरं निघाली, ती यादीची नव्हती, चालणाऱ्या प्रोग्रॅमची होती. चित्र तेवढं कागदाचं चिकटवलेलं.

“म्हणजे मी कागद उघडला नाही,” विनया म्हणाली.

“तू बटण दाबलंस. दोनदा.”

“आणि पासवर्ड? नकाशांना पासवर्ड कशाला, हे तेव्हाच मनात यायला हवं होतं. उघड लिहिलाच होता शेजारी.”

“अगं, तेच तर. किल्ली पेटीवरच चिकटवलेली असली तर कुलूप तुझ्यासाठी नसतं. अँटिव्हायरस दारात प्रत्येक फाइल उघडून बघतो. पेटीला कुलूप असलं की त्याला आत बघता येत नाही, तो सोडून देतो. तरी बाहेर काढल्यावर त्याने पकडलं असतं.” त्याने चपातीचा तुकडा मोडला. “पण त्याला तू सुट्टीवर पाठवलं होतंस.”

“नकाशे तरी खरे आहेत?”

“दोनशे तेराही खरे. मी पाहिले. कुठून तरी उचललेत. खोटं एकच लागतं ना.”

पैसे पाठवले तर किल्ली मिळेल का, हेही तिने विचारलं. सुमेध म्हणाला, काहींना मिळते, काहींना पुन्हा मागणी येते, आणि तुझी किल्ली कुणाकडे आहे हे शोधायला माझ्याकडे काहीच साधन नाही. कोरडं उत्तर होतं आणि तिला ते पटलं. संध्याकाळी तिने तक्रार नोंदवली, सगळ्यांना ती लिंक काढून टाकायला सांगितलं आणि माणिकपूरला उतरून मितेशच्या दुकानात गेली.

मितेश कुणाचा तरी रेशन कार्डाचा अर्ज भरत होता. त्याचा चेहरा आधीच पडलेला होता.

“ताई, आईशप्पथ, मला पण फॉरवर्डच आलेलं. मी मोबाइलवर उघडून बघितलं, नकाशे मस्त दिसले. मला काहीच नाही झालं.”

“मोबाइलवर तो प्रोग्रॅम चालत नाही म्हणून.”

“आणि ते अँटिव्हायरसचं पण त्यात लिहिलेलंच होतं. मी फक्त मराठी केलं, आपल्या लोकांना समजावं म्हणून.”

विनयाला त्याच्यावर रागवायचं होतं. पण ती दुकानाच्या पायरीवर उभी राहून विचार करू लागली, की हीच लिंक परक्या नंबरावरून आली असती तर मी काय केलं असतं. पुसून टाकली असती. चाफेआळीत कुणाकडून आलेली टोपली दारात उघडून बघायची पद्धत नव्हती. आळीतल्या रोवेनाकडून आलेल्या भाजीवरचं केळीचं पान बाजूला सारून आधी खाली काय आहे ते पाहिलं, तर रोवेना महिनाभर बोलली नसती. टोपली आत न्यायची, परत देताना तिच्यात आपलं काहीतरी घालायचं. मितेशची टोपली तिने तशीच आत नेली होती. टोपली त्याची होती, माल कुणाचा हे त्यालाही माहीत नव्हतं.

“तुझ्या दुकानातले दोन्ही संगणक आज बंद ठेव,” ती म्हणाली. “उद्या सुमेध येऊन बघेल.”

सुनावणीला वीस दिवस उरले होते. आळीतल्या लोकांना सांगायला हवं होतं. ज्यांच्या विहिरी, त्यांना आधी. बुधवारी तिने रजा घेतली आणि सकाळी दहाला घराघरांतून जायला सुरुवात केली. पहिल्या दोन घरांत लोकांनी ऐकून घेतलं आणि ‘आता काय करायचं’ असं विचारलं.

तिसरं घर सालोमीचं. चार क्रमांकाची विहीर. सालोमी सत्तरीच्या, माहेर अर्नाळ्याचं, नवरा वारलेला, मुलगी इझाबेल विरारला दिलेली. लुगड्याचा पदर खोचून त्या मागच्या दारी सुकटीला ऊन देत होत्या.

“काय गो विनया, एवढी वाळली कशान? बस. चा टाकते.”

विनयाने सांगितलं. सालोमींनी आधण ठेवलं, आणि पाठमोऱ्याच म्हणाल्या, “म्हंजे दयारामचे सगले आकडे गेले?”

“सगळे. माझ्या हातून.”

“पन पानी तर हाय तसंच हाय न विहिरीत?”

“आज किती खारट आहे ते मोजता येईल, सालोमीमावशी. अठरा वर्षांत कसं वाढत गेलं ते कशावरून सांगणार? ते म्हणतील, पहिल्यापासून खारटच असेल.”

“कोन म्हनेल? मी या घरात आले तवा या पान्यात डाल शिजायची.” त्यांनी फडताळ उघडलं, साखरेचा डबा खाली काढला. डबा जिथे होता तिथे कागद अंथरलेला होता. कॅलेंडरचं पान. आठवड्यांच्या चौकटी, ठळक तारखा, आणि एका चौकटीच्या कोपऱ्यात पेन्सिलने लिहिलेलं, ‘१०९०’.

विनया उठून उभी राहिली.

तिला एकदम आठवलं. ती सहा-सात वर्षांची असेल. काका मीटर घेऊन विहिरीवरून घरात यायचे, भिंतीपाशी जायचे, कानावरची पेन्सिल काढून जिभेला लावायचे आणि कॅलेंडरवर काहीतरी खरडायचे. मग वहीत. सुरुवातीच्या दिवसांत आळीत कुरबूर झाली होती, हा कोण आमच्या विहिरीत डोकावणारा, उद्या बाहेर सांगत सुटेल कुणाचं पाणी बिघडलंय ते. तेव्हा काकांनी नियम करून टाकला. आकडा आधी ज्याची विहीर त्याच्या भिंतीवर, मग माझ्या वहीत. नियम त्यांनी अठरा वर्षं पाळला होता, आणि इतका सवयीचा झाला होता, की भिंतीवर लिहिलेलंही लिहिलेलंच असतं, हे काकांच्याही ध्यानात राहिलं नव्हतं.

“मावशी, याच्या खाली काय आहे?”

“खाली गेल्या सालचं. त्याच्या खाली त्याच्या आदलं. मी काडत नाय, वरून घालते. ह्यावर आमच्या सेंटाचं, संताचं, चित्र असते, कचऱ्यात कसं टाकायचं? चित्र कापून ठेवते, खालचं फडताळात.”

विनयाने डबे खाली उतरवले. बारा डबे, चार बरण्या. मग तिने नखाने कागदाचा कोपरा उचलला. थरावर थर होते. सगळ्यात वरचा थर मऊ, खालचे पिवळे, अगदी तळाचा पापडासारखा कडक. तळाच्या थरावर दोन हजार आठचा जानेवारी होता. फडताळाला पाच फळ्या होत्या, आणि दुसऱ्या खोलीत आणखी एक फडताळ.

चहा उतू गेला. सालोमींनी शेगडी पुसली आणि म्हणाल्या, “सगलं काडशील तर परत अंथरून पन दे हां. नुसतं उचकून जाशील.”

पुढचे अकरा दिवस चाफेआळीत फडताळं रिकामी होत होती. रोवेनाच्या घरी पानं मुलांच्या पुस्तकांना कव्हर म्हणून निघाली, उलटी घातलेली, आकडे आतल्या बाजूला. जेन्सनकडे चार वर्षं नीट होती, त्याच्या आधीची त्याच्या बायकोने प्लास्टिकचं आवरण आणलं तेव्हा फेकली होती. तो विनयासमोर बायकोला म्हणाला, “तरी मी सांगत होतो, जुनं ते चांगलं होतं,” आणि बायको म्हणाली, “तू फडताळ उघडलंयस कधी?” एका घरी ट्रंकेच्या तळाशी, एका घरी देव्हाऱ्याखाली, एका घरी जुन्या गादीखाली. खुद्द काकांच्या घरी सगळ्यात कमी मिळालं. मालनकाकू जुनी पानं चाफ्याच्या पुड्यांना वापरत. दीड दशकाचं पाणी दादरला गेलं होतं. विनयाने काकूंकडे पाहिलं. काकू म्हणाल्या, “बघू नकोस अशी. मला कुणी सांगितलं होतं?”

विनयाने प्रत्येक पानाचा फोटो घेतला, पानाला विहिरीचा क्रमांक दिला, कुठल्या घरात कुठल्या फळीवर मिळालं ते लिहिलं. फोटो रोज संध्याकाळी दोन हार्ड डिस्कवर जात. एक लिहून झाली की काढून सुमेधकडे, दुसरी काकांच्या पेटीत. तिसरी प्रत इंटरनेटवर. त्याला या वेळी काकांची हरकत नव्हती.

एकूण पानं मिळाली एक हजार एकाहत्तर. त्यांतली अडतीस पानं तिने वेगळ्या पाकिटात घातली, ‘अस्पष्ट’ असं लिहून. त्यांवरचे आकडे डागांखाली गेले होते. उरलेल्या पानांवर दोन हजार एकतीस आकडे वाचता आले. चार क्रमांकाची विहीर सगळ्यांत पुरी होती, दोनशे सोळा महिन्यांपैकी दोनशे सात.

अस्पष्ट पानांपैकी एक सालोमींच्या लोणच्याच्या बरणीखालचं होतं. दोन हजार चौदाचा मे महिना. तेल सगळ्या पानभर पसरलेलं, मागच्या बाजूची छपाई पुढे उमटलेली, पौर्णिमेच्या चौकटीत नुसता काळपट गुंता.

काकांनी चष्मा वर सारून ते पान डोळ्यांजवळ नेलं. “मे म्हणजे साडेसहाशेच्या आसपास असणार. त्या वर्षी मी—”

“नको, काका.”

“मला आठवतंय.”

“म्हणूनच नको. तुम्हाला जे आठवतंय ते पानावर आहे की नाही, हे मला सांगता येणार नाही. आठवणीतला एक घातला तर उरलेल्या दोन हजार एकतीसांवर कोण विश्वास ठेवेल?”

काकांनी पान पाकिटात परत ठेवलं. पाकीट मिटत म्हणाले, “प्रयोगशाळेत मुलांना मी हेच सांगायचो.” बोलताना ते तिच्याकडे बघत नव्हते.

आठ डिसेंबरला सकाळी अकरा वाजता ते तहसील कचेरीत होते. काका इस्त्रीच्या सदऱ्यात, सालोमी नव्या लुगड्यात, मालनकाकू, जेन्सन, आणि मागच्या बाकावर मितेश. दुकान बंद ठेवून आला होता. विनयाच्या मांडीवर पानांची पेटी होती. टँकरवाल्याने वकील दिला होता. भूजल खात्याकडून एक अधिकारी बाई आल्या होत्या. त्यांच्या पुढ्यात फायलींचा गठ्ठा होता.

विनयाने काय घडलं ते पहिल्यांदा सांगितलं. फाइली कशा गेल्या, कुणाच्या चुकीने, कुठल्या तारखेला. मग पानं कशी मिळाली. मग आलेख दाखवला.

वकील हसून उठले, तहसीलदारांकडे वळले. “साहेब, यांच्या म्हणण्याप्रमाणे मूळ वह्या बंबात जळाल्या. मूळ फाइली व्हायरसने खाल्ल्या. उरलं काय, तर कॅलेंडर. कॅलेंडरवर लोक गॅस कधी लावला ते लिहितात. पेन्सिलीने अठरा वर्षांचे आकडे अकरा दिवसांत घालायला किती वेळ लागतो? हे सगळं आताच घरी बसून केलेलं नाही, याला पुरावा काय?”

पानं जुनी होती हे दिसत होतं, पण जुन्या पानावर नवी पेन्सिल चालते, हे वकिलांचं म्हणणं बरोबर होतं. तिने काकांकडे पाहिलं. ते ताठ बसले होते, दोन्ही हात गुडघ्यांवर. अठरा वर्षं त्यांनी अमावास्या-पौर्णिमेला पाणी मोजलं होतं, आणि एक परका माणूस सगळ्यांसमोर त्यांना खोटं म्हणत होता.

भूजल खात्याच्या बाई आतापर्यंत गठ्ठ्यातली एक फाइल चाळत होत्या. त्यांनी एका जागी बोट ठेवलं आणि फाइल मिटली, बोट आत तसंच राहू देऊन.

“आमच्या खात्याने मागे या पट्ट्यातल्या काही विहिरींचे नमुने घेतले होते. एकदाच. त्यात चाफेआळीची एक विहीर आहे. चर्चच्या वाटेला लागून, दगडी काठाची.”

“ती माजी,” सालोमी म्हणाल्या. “दोन पोरं आलेली बाटल्या घेऊन. नंतर कागूद काय आला नाय.”

“नाही आला का?” बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. “म्हणजे त्या नमुन्याचा आकडा तुम्हा कुणाला कळलेला नाही. मी तो आत्ता सांगणार नाही. आधी तुमचा दाखवा. मे, दोन हजार चौदा.”

विनयाने पेटीतून पाकीट काढलं. “हे पान आम्ही जोडलेलं नाही. वाचता येत नाही म्हणून.”

“बघू.”

पान टेबलावर आलं. तेलाने पिवळं, लोणच्याचा वास अजून होता. काका काहीतरी बोलायला गेले. बाईंनी हात वर केला. “काका, तुम्ही आता काही बोलू नका. वकीलसाहेब, तुम्ही या इकडे. तुम्हीच वाचा.”

वकील वाकले. “यात काहीच दिसत नाही.”

“वरून नका बघू.” बाई पान घेऊन खिडकीशी गेल्या. त्यांनी ते उजेडासमोर उभं धरलं नाही. डोळ्यांच्या रेषेत आडवं धरलं आणि हळूहळू कलतं केलं. छपाईची शाई मंदच राहिली, डागही. पेन्सिलीची रेघ मात्र एका कोनात आली आणि शिशासारखी चमकली.

“आता?”

वकिलांनी चष्मा काढला, पुन्हा लावला. पान त्यांनी स्वतःच्या हातात घेतलं, दोनदा तिरपं केलं. बाहेर कुणीतरी चपराश्याला हाक मारत होतं. वकिलांनी आकडे एकेक करून वाचले.

बाईंनी फाइल उघडली, बोट होतं तिथला कागद सगळ्यांना दिसेल असा टेबलावर ठेवला, आणि कारकुनाला लिहून घ्यायला सांगितलं.

चौदा मे दोन हजार चौदा, पौर्णिमा, विहीर क्रमांक चार, कॅलेंडरवरची नोंद, दर लिटरला सहाशे चाळीस मिलिग्रॅम.

पंधरा मे दोन हजार चौदा, तीच विहीर, खात्याच्या प्रयोगशाळेचा अहवाल, सहाशे बावन्न.